सातवी चुणी

त्याने पहिला ग्योझा ट्रेमध्ये ठेवला आणि तिच्या तळहातावरची पारी तशीच राहिली. आवाज झाला नव्हता, काही पडलं-सांडलं नव्हतं. ट्रेवर मैद्याची पातळ भुरभुर होती आणि त्या पांढऱ्यावर करंजीच्या घाटाचा तो एवढासा जपानी ग्योझा पाठ ताठ करून बसला होता. बसला होता, हेच ते. बारा वर्षांत त्याच्या हातचा एकही ग्योझा कधी बसला नव्हता. सगळे कुशीवर कलंडायचे, कुणाच्या पोटातून सारण दिसायचं, कुणाच्या तोंडातून कोबीची काडी बाहेर डोकवायची. तुझे ग्योझे म्हणजे गाडी सुटताना भरलेली बॅग, असं ती म्हणायची, बाही बाहेर आणि चेन अर्धी. तोही हसायचा, आणि पुढचा त्याहून वाईट करायचा. आज त्याने तो न बघता केला होता. बोलता बोलता, खिडकीकडे तोंड करून. तिने चुण्या मोजल्या. एक, दोन, तीन, चार, पाच. मग आणखी एक. मग आणखी एक. सात चुण्या, सगळ्या एकाच बाजूला झुकलेल्या, वाऱ्यात गवत झुकतं तशा. त्याचा हात तोवर दुसऱ्या पारीकडे गेला होता.

घरात पाचच चुण्या होत्या. लग्नानंतरच्या पहिल्या भाड्याच्या खोलीत, वरच्या मजल्यावर पियानो शिकवणारी एक जपानी बाई राहायची, तिने ते शिकवलं होतं. भाषा एकमेकींची येत नव्हती, म्हणून त्या बाईने तिचा अंगठाच धरला आणि पारीच्या कडेवरून चालवला, लहान मुलाला जिना चढवावा तसा. मुडपण्याची, पुढे ढकलण्याची, दाबण्याची ती चाल तिला लगेच आली, कारण चुण्या घालणं तिच्या घरातच होतं. आई शिवणकाम करायची. मुलींच्या गणवेशाच्या स्कर्टांना चुण्या घालताना मोजणी चुकू नये म्हणून आईने एक गाणं रचलं होतं, आणि ते मशीनच्या पायाच्या ठेक्यावर चालायचं:

पहिली चुणी मापाची, दुसरी चुणी बापाची,
तिसरी पाठच्या भावाची, चौथी परक्या गावाची,
पाचवी चुणी दाराची, कडी घालते घराची.

पाचवीला कडी लागली की स्कर्टचा एक भाग पुरा. तेच गाणं तिने ग्योझ्याला लावलं, आणि ते असं बसलं की जणू आईने ते पिठासाठीच रचलं होतं. पाचवी दाबली की दार बंद. आतलं आत, बाहेरचं बाहेर. आता त्याच्या ग्योझ्यावर कडी लावून झाल्यानंतरच्या दोन चुण्या होत्या, आणि त्या कुणाच्या हे गाण्यात नव्हतं.

टेबलाच्या तिसऱ्या बाजूला आत्या पातीचा कांदा चिरत होती. आत्या म्हणजे त्याची आत्या, त्याला सातव्या वर्षापासून वाढवणारी, या घरात सासूच्या जागी असलेली आणि सासूपणाचा एकही हक्क न सोडलेली. तिला हवं तेवढंच ऐकू यायचं, पण दिसायचं सगळं. तिने सुरी थांबवून ट्रेकडे पाहिलं, मग त्याच्याकडे, आणि पुन्हा सुरी चालवत म्हणाली, “पुरुषाच्या हाताला एकाएकी शहाणपण आलं, की घरच्या बाईनं जागं व्हावं.”

तो हसला नाही. हसला असता तर बरं झालं असतं. तो फक्त म्हणाला की पाऱ्या आज चांगल्या आहेत, जरा ओलसर आहेत, म्हणून. आणि तिसरा ग्योझा दुसऱ्याच्या शेजारी बसवला. दोघांमध्ये बोटाएवढं अंतर. दुसऱ्याला आणि पहिल्यालाही तेवढंच.

ती कपड्यांच्या मोठ्या दुकानात कपडे बेतून द्यायचं काम करायची. मागच्या खोलीत ती आणि आणखी तिघी, चार मशीन, चार दिवे. टीप उसवताना तिला कळायचं की ही कुणाच्या हातची आहे. जाडी बाई टाका ओढून घेते, नवी मुलगी कोपऱ्यावर भिऊन दोनदा शिवते, आणि जिचा नवरा परदेशी आहे तिची शिलाई सोमवारी वाकडी जाते. चेहरा खोटं बोलतो, हात बोलत नाही, हे तिला कुणी शिकवावं लागलं नव्हतं. आणि याचे हात तर तिला तोंडपाठ होते. चष्म्याच्या भिंगांच्या कारखान्यात तो तपासनीस. पांढरा कोट, पांढरे हातमोजे, दिव्यासमोर भिंग धरायचं, ओरखडा आहे की नाही ते बघायचं, डावीकडे नाहीतर उजवीकडे ठेवायचं. बघणाऱ्याचे हात, करणाऱ्याचे नाहीत. म्हणून आत्या त्याला साहेब म्हणायची, थट्टेने सुरू झालेलं आणि कधी खरं झालं ते कळलंच नाही असं. पण आज तिने ते हात पुन्हा वाचले तेव्हा मजकूर बदललेला होता. नखं मांसापर्यंत कापलेली. उजव्या अंगठ्याच्या बाजूला पिवळट घट्टा. मनगटावर पुसट, तिरपी भाजल्याची रेघ. हे सगळं तिने आधीही पाहिलं होतं, नाही असं नाही. एकेक सुटं सुटं पाहिलं होतं, आणि बटणं डब्यात टाकावीत तसं टाकून दिलं होतं. आता डबा उलटा झाला.

शनिवारी जादा काम, असं तो गेले दोन-अडीच महिने सांगत होता. म्हणून महिन्यातून एका शनिवारी घरी व्हायचे ते ग्योझे बंद पडले होते. घरी आला की आधी आंघोळ, चहाही नंतर. एकदा शर्ट वाळत घालताना तिला कॉलरला लसणाचा वास आला होता आणि ती कँटीनवर खापर फोडून मोकळी झाली होती. झोपेत तो हात उशीखाली घालायचा, आता छातीवर ठेवतो, मनगटं वर करून, दुखऱ्या जनावरासारखी. आणि आजचंच. आज मंगळवार, त्याला अचानक सुट्टी, कारखान्यात काही दुरुस्ती. ती दुकानातून लवकर निघाली, खाटकाकडून पोर्कचा खिमा घेतला, चरबीचा वाटा जरा जास्त सांगून, आणि घरी येऊन पिशवी त्याच्यापुढे नाचवली. त्याचा चेहरा पडला. क्षणभरच. दुसरं काहीतरी करू या ना, म्हणाला, साधं काहीतरी. आत्याने हट्ट धरला म्हणून तो टेबलाशी बसला. तिने कोबी मिठात चोळला, फडक्यात बांधून पिळला, खिम्यात आलं-लसूण, सोया सॉस, तिळाचं तेल घालून एकाच दिशेने फेटलं, आणि फेटता फेटता विचार करत राहिली की माझ्याबरोबर बसणंसुद्धा याला का नकोसं झालं.

आता उत्तर ट्रेमध्ये रांगेने बसत होतं. सहा, सात, आठ. कुठेतरी दुसरं एक स्वयंपाकघर होतं. ते तिच्यासमोर इतक्या झपाट्याने उभं राहिलं की जणू तिथे ती जाऊन आली होती. लहान असणार, पण उजेडाचं. खिडकीला पिवळा पडदा. शनिवारची दुपार. टेबलाशी तो, आणि त्याच्या मागे उभी एक बाई, बारीक मनगटांची. वरच्या मजल्यावरच्या बाईने तिचा अंगठा धरला होता तसा ती त्याचा अंगठा धरते, पुढे ढकलते, दाबते. आणि पाचवर थांबत नाही. पाच झाल्यावर तो सवयीने थांबतो, कारण पाचवर थांबायचं हे त्याला माझ्याकडून मिळालेलं आहे, आणि ती त्याच्या कानाशी म्हणते, अजून दोन. तिला त्या बाईचा चेहरा दिसेना. चेहरा असता तर बरं झालं असतं. नुसती मनगटं दिसत होती आणि त्यांची घाई नसलेली हालचाल. चोरून भेटणारी माणसं घाईत असतात असं तिला वाटायचं. ही दोघं वेळ असलेली होती. रुसायला, शिकवायला, चुकवून पुन्हा करायला वेळ असलेली. नवऱ्याने दुसरीबरोबर काय काय केलं असेल ते सगळं तिने एक वेळ गिळलं असतं. पण त्या बाईने त्याला नीट शिकवलं, हे तिला गिळवेना. बारा वर्षं मी हसत राहिले. त्याचे वाकडे ग्योझे तव्यावर शेवटी टाकले, फुटले तर फुटू देत म्हणून.

तिच्या हातातली पारी कडेने वाळून कडक झाली होती. तिने बोट पाण्यात बुडवून कडेवरून फिरवलं, चुण्या घातल्या, आणि तिसऱ्या चुणीला पारी फाटली. आत्याने जिभेने च्‌च् केलं. तो फाटका ग्योझा त्याने तिच्या हातातून घेतला, दुसऱ्या पारीचा तुकडा ओला करून भोकावर लावला, अंगठ्याने एकदा दाबला आणि ठेवून दिला. ठिगळ कुठे आहे ते शोधावं लागलं असतं. ठिगळाची तिला चांगली पारख होती, आणि तिला रडू फुटेल असं वाटलं.

विचारायचं कसं, हे ती मनात शिवत-उसवत राहिली. कोण आहे ती, असं नाही. इतकं छान कुठं शिकलास, असं हसत? हसू ओठांवर टिकणार नाही. तिने कडेकडेने सुरुवात केली. दुरुस्ती कसली निघाली कारखान्यात, म्हणून विचारलं. दिव्यांची, तो म्हणाला. तपासणीचे दिवे जुने झालेत. मग न विचारता त्याने आणखीही सांगितलं, की नव्या दिव्यांचा उजेड निळसर आहे, त्यात ओरखडा पटकन दिसतो, आणि बाजूला बसणारा म्हातारा तपासनीस त्या उजेडाला शिव्या देतो. एवढं तपशिलात. खरं बोलताना तो कधी एवढं बोलत नसे. आत्या मध्येच म्हणाली की त्या म्हाताऱ्याचा डोळा मागच्या वर्षीच गेला होता ना, रिटायर झाला म्हणाला होतास. तो म्हणाला, हा दुसरा. खोलीत कांद्याचा उग्र वास दाटला होता आणि तिघांपैकी कुणीच डोळे पुसले नाहीत.

आणि मग ट्रे भरला. घरात एकच ट्रे, स्टीलचा, एका कोपऱ्यात दबलेला. चार रांगा, रांगेत दहा. शेवटचा ग्योझा त्याने बसवला. त्याने भरलेला ट्रे डाव्या मनगटाने डावीकडे सरकवला आणि त्याच दमात उजवा हात उजवीकडे, खांद्याच्या जरा वर, लांब केला. बघितलं नाही. बोटं उघडली. आणि हात तिथे हवेत थांबला.

तिथे काही नव्हतं. भिंत होती, भिंतीवर गेल्या वर्षीचं कॅलेंडर. हात तरी थांबलाच होता, तळवा वर, रिकामं काहीतरी घ्यायला. एक क्षण, दुसरा क्षण. मग त्याला कळलं आणि त्याने हात खाली घेतला, शर्टाला पुसल्यासारखं केलं. पण तेवढ्यात तिने पाहिलं होतं, आणि ती हालचाल तिने याआधी हजारदा पाहिली होती. दुकानाच्या मागच्या खोलीत चार बायका ती दिवसभर करतात. झालेला कपडा डावीकडे सारायचा आणि न बघता उजवा हात पुढच्या कपड्यासाठी न्यायचा, कारण पुढचा कपडा तिथे असतोच. संपतच नाही. कुणाच्या घरच्या टेबलाशी हात असा वर जात नाही. घरी ट्रे भरला की माणूस मागे टेकतो, म्हणतो झालं बाई. प्रेमाने शिकवलेल्या हाताला पुढच्या रिकाम्या ट्रेची वाट बघायची सवय लागत नाही. पिवळा पडदा गळून पडला. बारीक मनगटं विरून गेली. त्या जागी उभी राहिली एक खिडकी नसलेली खोली, उंच मांडणीवर रचलेले रिकामे ट्रे, वाफ, आणि एक माणूस, ज्याला कुणी मागे उभं राहून काही शिकवलेलं नाही. जो चुकत चुकत, बोलणी खात, अंगठ्याला घट्टा पडेपर्यंत स्वतःच शिकला.

तिला हायसं वाटलं. खोटं कशाला, आधी हायसंच वाटलं. आणि त्यामागोमाग, दारातून दुसरं माणूस आत यावं तशी, भीती आली, आणि भीतीच्या पाठोपाठ राग. अडीच महिने ती पहाटे उठून डबा भरत होती. अडीच महिने तो पांढरा कोट धुवायला टाकत होता, आणि ती म्हणत होती, अलीकडे कोट मळत नाही तुझा. दुसरी बाई असती तर तिला शिव्या तरी देता आल्या असत्या. या ट्रेंना काय म्हणायचं?

ती उठली. ओट्याखालच्या कपाटातून तिने मोठं ताट काढलं, कोरडं पुसलं, त्यावर मैदा भुरभुरला. आणि टेबलाला वळसा घालून त्याच्या उजव्या बाजूला जाऊन उभी राहिली, खांद्याच्या जरा वर ताट धरून. तो मान खाली घालून बसला होता. बराच वेळ ताटाकडे त्याचं लक्ष गेलं नाही, किंवा त्याने जाऊ दिलं नाही. तिचे दंड भरून आले तरी तिने ताट खाली घेतलं नाही. मग त्याने वर पाहिलं. ताट, ताटामागे ती. त्याचा हात वर आला, ताटाच्या कडेला लागला, आणि तसाच राहिला. ताट आता दोघांच्या हातात होतं.

“कधीपासून?” तिने विचारलं.

“अडीच महिने झाले.”

“आणि कारखाना?”

“मशीन आलं. भिंगाकडे बघणारं.” त्याने घसा साफ केला. “माझ्यापेक्षा बरं बघतं ते. मीच तपासलं त्याला, शेवटचे आठ दिवस.”

बाकीचं त्याने तुकड्या-तुकड्यांनी सांगितलं, आणि ताटाकडे बघत सांगितलं. स्टेशनच्या मागे एक खानावळ आहे, फक्त ग्योझ्यांची. दारावर माणूस पाहिजे असा कागद होता. मालकाने विचारलं, हे येतं का? तो म्हणाला येतं, बारा वर्षं करतोय. पहिल्या दिवशी त्याचे ग्योझे बघून स्वयंपाकी ओट्याला धरून हसला. रविवारी आणि मंगळवारी बंद असते खानावळ; आधीचे मंगळवार त्याने बाहेरच बसून काढले, आज बाहेर पडवेना. मालकाचा नियम सात चुण्यांचा, पाच असल्या की परत करतो. सांगणार होतो, तो म्हणाला. पहिल्या आठवड्यातच सांगणार होतो. मग आत्याने शेजारच्या बाईला सांगितलं, आमच्या साहेबाशिवाय तिथलं पान हलत नाही. ते ऐकलं दारातून.

दोघांनीही आत्याकडे पाहिलं. आत्याचा कांदा केव्हाच संपला होता, ती नुसतीच सुरी पुसत होती. ऐकलं नसेल, असं क्षणभर वाटण्याइतका वेळ तिने जाऊ दिला. मग म्हणाली, “अडीच महिने तुझ्या कॉलरी घासतेय मी. भिंगाला लसूण लावतात का रे कुठं?” तिचा आवाज शेवटी जरा फाटला, आणि तो लपवायला ती उठून नळाशी गेली आणि धुतलेलीच सुरी पुन्हा धुऊ लागली.

तिला अजून एक गोष्ट विचारायची होती आणि ती विचारायची भीती वाटत होती. नोकरी गेली, ठीक. खोटं बोलला, तेही बघू नंतर, ते इतक्यात मिटणारं नव्हतं; आज रात्री नाही, या महिन्यातही नाही. पण तो रोज साडेसातला घर सोडायचा. खानावळीत ग्योझे करायला एवढ्या सकाळी कोण बोलावतं?

“तिथं किती वाजता जायचं असतं?”

“दहाला.”

“मग आठ ते दहा?”

त्याने ताटाच्या कडेवरचा मैदा अंगठ्याने पुसला. मग म्हणाला, कपडे धुवायची मशीनं असतात ना, नाणं टाकून, तसलं एक दुकान आहे वाटेत. तिथं बाकडं असतं. गरम असतं. लोकांचे कपडे फिरताना दिसतात. कुणी विचारत नाही. “डबा तिथंच खातो मी,” तो म्हणाला. “गरम असतो तोवर.”

ती मनाने त्या बाकड्यावर जाऊन बसली. त्याच्या शेजारी, काचेआड फिरणाऱ्या परक्या चादरींसमोर, मांडीवर तिने भरलेला डबा. किती सकाळी तिने त्याला दारातून हाक मारून सांगितलं होतं, उशीर होईल, पळ. आणि तो पळाला होता. त्या बाकड्याकडे पळाला होता. रागाला ती शोधू लागली, आणि तो तिथेच होता; तिने ताट टेबलावर ठेवलं, आणि रागही जरा वेळ खाली ठेवला.

पाऱ्या अजून दहाबारा उरल्या होत्या. तिने एक तळहातावर घेतली, सारण ठेवलं, कड ओली केली. मला सातवी दाखव, म्हणाली. तो म्हणाला, घरी पाच पुरे आहेत. ती म्हणाली, दाखव. मग तो उठला, तिच्या मागे उभा राहिला आणि त्याने दोन्ही बाजूंनी हात पुढे आणून तिचा अंगठा धरला. मघाशी पिवळ्या पडद्याच्या खोलीत जे उभं होतं ते नेमकं असंच उभं होतं, आणि तिच्या पाठीवरून एक थंड रेघ गेली. त्याच्या हाताची कातडी खरखरीत झाली होती. शिवणाऱ्या बायकांसारखी. तिच्यासारखी.

“पहिली चुणी मापाची,” तो हळूच म्हणाला.

तिने मान वळवली नाही. बारा वर्षं तो या गाण्याची टर उडवत आला होता. बापाची, भावाची, परक्या गावाची. तिचा अंगठा चालत राहिला, त्याचा आवाज चालत राहिला, आणि पाचवी चुणी दाराची, कडी घालते घराची, म्हणून तो थांबला.

“तिथं हेच म्हणतो मी, मनात,” तो म्हणाला. “नाहीतर हात चालत नाही. पाच झाल्या की गप्प बसतो. दोन चुण्या गप्प. मग पुढचा.”

मग त्याने गप्प राहून तिचा अंगठा पुढे ढकलला. सहावी. तिने श्वास धरला. खोलीत आत्याच्या नळाचा आवाज तेवढा होता, आणि तोही आत्याने बंद केला. सातवीला पारी ताणली गेली, पातळ झाली, खालचं सारण हिरवं-गुलाबी दिसू लागलं, फाटणार असं वाटलं, फाटली नाही. तो ग्योझा तिने ताटात ठेवला. तो जरा डुलला, आणि बसला.

त्यानंतर तवा तापला. तिने तेल सोडलं, ग्योझे गोलात मांडले, त्याचे आणि तिचे मिसळून. तळाला रंग आला तसं पाणी ओतलं आणि उसळलेल्या वाफेवर झाकण ठेवलं. तिघंही झाकणाकडे बघत उभी राहिली. आतला आवाज आधी पावलांच्या गर्दीसारखा होता, मग विरळ होत गेला, आणि पाणी आटून तेल पुन्हा बोलू लागलं तेव्हा तिने झाकण काढलं. ताट तव्यावर पालथं घालून एका झटक्यात उलटवलं. खरपूस तळ वर आले, एकमेकांना चिकटलेले. चुण्या सगळ्या खाली गेल्या होत्या. कुणाच्या पाच आणि कुणाच्या सात ते आता दिसत नव्हतं. आत्याने उभ्या उभ्याच पहिला उचलला, फुंकर न घालता तोंडात टाकला, तोंड भाजून घेतलं, आणि डोळ्यांतलं पाणी त्या भाजण्यावर ढकललं.

तो व्हिनेगरची बाटली शोधत कपाटात डोकं घालून उभा होता. तिने त्याच्या पाठीकडे पाहिलं.

“उद्या साडेनऊला निघ,” ती म्हणाली. “डबा नऊला भरते.”

कपाटात बाटल्यांचा आवाज झाला आणि थांबला. त्याला बाहेर यायला खूप वेळ लागला.